निवळ पाणी

सेनगावच्या पुढं, डांबर संपून पांदण सुरू होते तिथल्या वस्तीवर नामाजी मेंढपाळाचं घर होतं. माणूस बघायला गेलं तर चारचौघांसारखा. काटक, कमी बोलणारा, खांद्यावर घोंगडी आणि हात कधी रिकामे नाहीत; दोरी तरी वळत असेल, नाहीतर लोकरीचं सूत. पण पार कुरुंद्यापर्यंत, जिथं जिथं मेंढरं राखणारी माणसं होती तिथं त्याच्या नावाला मान होता, कारण त्याला खडा काढता यायचा. ही गोष्ट सुरू होते तेव्हा हिंगोलीचा जिल्हा झाला नव्हता, सगळा कारभार परभणीत होता. खड्याची विद्या मात्र परभणीहूनही जुनी असेल.

ज्यांनी ती पाहिली नाही त्यांना ती थाप वाटते. वाटू द्या. मनातली गोष्ट बाहेर काढायची आणि तिची हातात धरता येईल अशी वस्तू करायची, एवढंच ते काम. नामाजीला ते त्याच्या बापानं, सोनाजीनं शिकवलं होतं. मनात जे असतं ते अंगातून पाझरतं, असं सोनाजी सांगायचा. घामातून पाझरतं, डोळ्यांतून, दुधातून. ते लोकरीत टिपायचं. ती लोकर बाभळीच्या राखेच्या पाण्यात पिळायची, मडकं गोवऱ्यांच्या मंद जाळावर ठेवायचं, आणि नदीचं गढूळ पाणी निवळायला बायका वापरतात ती निवळीची बी उगाळून त्यात सोडायची. गाळ तळाला बसतो. वाळवला की झाला खडा. रागाचा खडा तांबूस असतो, हातात धरला की खाज सुटते. भीतीचा चुन्यासारखा पांढरा आणि ठिसूळ. मायेचा खडा पिवळसर, मेणासारखा मऊ, आणि त्याला वास असतो. कसला, ते ज्याचं त्यालाच कळतं.

माणसंही यायची खडा काढून घ्यायला, पण रागाचा नाहीतर भीतीचाच. भावकीत ऊठसूट कुऱ्हाड काढणाऱ्या एका पाटलाचा राग सोनाजीनं असा उतरवला, की पुढं तो पाटील बाजारात वांग्यांचा भावसुद्धा करेना. मागतील ते देऊन घरी यायचा. करायला गेले गणपती आणि झाला मारुती, म्हणून पाटलीणबाई कपाळ बडवून घ्यायच्या. सोनाजी नुसता हसायचा आणि म्हणायचा, माणसाचं काय, माणूस निभावून नेतो.

त्यांचं खरं काम मेंढ्यांचं. एखाद्या मेंढीचं कोकरू मरतं आणि त्याच कळपात दुसरं एखादं कोकरू आईवाचून ओरडत असतं. मेंढी त्याला जवळ येऊ देत नाही. हुंगते, डोक्यानं उडवून लावते, पान्हा चोरते. तिच्या मनात मेलेलंच बसलेलं असतं. अशा वेळी कासेशी लोकर धरून तिची माया उतरवायची, खडा काढायचा, कोमट पाण्यात विरघळवायचा आणि पोरक्या कोकराच्या कपाळाला, पाठीला, शेपटीच्या बुडाला चोळायचा. घटकाभरात मेंढी त्याला चाटायला लागते. त्यात एक गोष्ट मात्र सांभाळायची: मडक्यातलं पाणी निवळ दिसेपर्यंत हात थांबवायचा नाही. पुन्हा लोकर, पुन्हा पिळणं, पुन्हा बी. अर्धवट माया उतरलेली मेंढी धड मेलेल्याचीही राहत नाही आणि जित्यालाही घेत नाही, दोघांच्या मधे वेडी होते. हे नामाजीच्या हाताला इतकं ठाऊक होतं, की पाणी निवळायच्या आत त्याचा हात थांबलाच नसता.

ब्याण्णव सालच्या थंडीत नामाजीचा तळ कनेरगाव नाक्याजवळ पडला होता. एका शेतकऱ्याच्या रानात लेंडीखतासाठी मेंढरं बसवलेली, बदल्यात ज्वारी ठरलेली. बरोबर बायको अनुसया, सात वर्षांचा अंगद आणि तीन महिन्यांची राधिका. अंगद म्हणजे त्या तळावरचा राजाच होता. अनुसया त्याला राजाच म्हणायची. अंगापेक्षा मोठी घोंगडी पांघरून कोकरांच्या मागं हिंडायचा आणि गूळ खाल्ल्याशिवाय झोपायचा नाही. त्याला ताप आला. हिंगोलीच्या दवाखान्यात नेईपर्यंत ताप डोक्यात गेला आणि पोरगं परत आलं ते घोंगडीत गुंडाळूनच. आपलं रान, आपली माती कोसभर लांब असती तर गोष्ट वेगळी, पण तळ परमुलखात. सडकेच्या कडेला, त्या शेतकऱ्याच्या बांधाजवळ, लिंबाखाली त्याला पुरलं. शेतकरी भला होता, नको म्हणाला नाही.

अनुसया रडली नाही. पालाच्या कुडाकडं तोंड करून पडून राहिली. राधिका उराशी आणून ठेवली तर कोपरानं बाजूला सारायची, रागानं नाही, जसं एखादं पांघरूण सारावं तसं. शेळीचं दूध पाजून पाहिलं. ते त्या लेकराला पचेना. ओकायची, नाहीतर हगवण लागायची. तिचं रडणंही बारीक होत चाललं. नामाजीची थोरली बहीण भिकाबाई जवळच्याच गावी दिलेली, ती आली, पोरीच्या टाळूवर हात ठेवला आणि म्हणाली, "नामा, टाळू बसून राहिली. ही बी जाती बघ."

नामाजी अनुसयाच्या उशाशी बसला. त्याच्या डोळ्यांपुढं एकच गोष्ट होती, आणि ती मेंढपाळाच्याच डोळ्यांपुढं येऊ शकते. कोकरू मेलेली मेंढी आणि दुधाला ओरडणारं दुसरं कोकरू.

"अनसू," तो म्हणाला, "तुझी थोडी माया उतरवू का? लेकराला लावतो."

तिनं कुडाकडचं तोंड त्याच्याकडं वळवलं. मग म्हणाली, "लेकरू जगंल का?"

"जगंल."

"अन् माझा अंगद ऱ्हाईल ना मला?"

"ऱ्हाईल की," नामाजी म्हणाला. "तो कुठं जातो?"

तो खोटं बोलला नव्हता. त्याला खरंच तसं वाटत होतं. माणसाची माया आजवर कुणी उतरवली नव्हती, सोनाजीनंही नाही, पण नामाजीचा हिशोब असा की माणसाचं काळीज मेंढीपेक्षा मोठं. वरवरची माया येईल, मूळ आत राहील. "मग काढा," अनुसया म्हणाली आणि तिनं डोळे मिटले.

मेंढीच्या गळ्याखालची मऊ लोकर त्यानं तिच्या छातीशी बांधली. दूध तटलेलं होतं, लोकर लगेच भिजली. पहिल्या पिळ्याला मडक्यातलं पाणी तांदळाच्या धुवणासारखं पांढरंफटक झालं. बी सोडली, गाळ बसला, वरचं पाणी तसंच गढूळ. पुन्हा लोकर. अनुसया गुंगीत गेली होती. खडा काढताना तसं होतंच. मधे एकदा तिच्या तोंडून अंगदचं नाव आलं. पुढच्या पिळ्याला आलं नाही. तिथं थांबायला हवं होतं, हे नामाजीला पुढं आयुष्यभर दिसत राहिलं. पण त्या घडीला त्याला फक्त मडकं दिसत होतं, आणि पाणी अजून निवळ नव्हतं, आणि अर्धवट उतरवणं वाईट असतं. मेंढपाळाचा हात आपलं काम बराबर करत गेला. उन्हं कलली तेव्हा मडक्यात तळ दिसला, आणि तळाला एवढा मोठा पिवळा खडा होता की तसा त्यानं कधी पाहिला नव्हता. त्यानं तो हुंगला. त्याला कसलाच वास आला नाही. ती माया त्याची नव्हती.

सगळा खडा विरघळवून त्यानं राधिकेला चोळला. कपाळ, पाठ, तळपाय. अनुसया उठून बसली, इकडंतिकडं पाहिलं, आणि पोर दिसताच झडप घालून तिला उचललं. असा पान्हा फुटला की पोरगी गुदमरायला लागली. भिकाबाईनं पदर तोंडाला लावला. नामाजी बाहेर येऊन मेंढरांत उभा राहिला आणि तिथं पहिल्यांदा ढसाढसा रडला. सुटलो, असं त्याला वाटलं.

दुसऱ्या दिवशी एक मेंढी व्याली. अनुसयानं अंगदची घोंगडी झटकली, चौघडी केली आणि ओल्या कोकराखाली घातली.

"अगं, अंगदची हाय ती," नामाजी म्हणाला.

"व्हय, त्याचीच," ती म्हणाली. "आता त्याला काय करायची? कोकरू गारठून राहिलं ना."

तिच्या आवाजात कडवटपणा नव्हता. काहीच नव्हतं. नामाजीनं तिच्या तोंडाकडं पाहिलं. आपण काय करून बसलो, हे त्याला तिथं, त्या व्यालेल्या मेंढीसमोर कळलं. खडा तर पोरीच्या अंगात जिरून गेला होता. परत द्यायला आता काहीच उरलं नव्हतं.

भेटायला येणाऱ्या बायका गळ्यात पडून रडायच्या आणि अनुसया त्यांची पाठ थोपटायची, त्यांना चहा करून द्यायची. बायका परत जाताना एकमेकींकडं बघायच्या. काळजाच्या जागी धोंडा हाय, असं भिकाबाईही एकदा बोलून गेली. अनुसयाला ते ऐकू आलं तेव्हा तिला वाईट वाटलं. "मला रडू का येत न्हाई ओ?" तिनं नवऱ्याला विचारलं. "येईल," तो म्हणाला. अंगदला काय झालं, कुठं पुरलं, हे सगळं तिला माहीत होतं. पण ते नुसतं माहीत होतं. आणि ज्याची माया नाही त्याची आठवण कोण कशाला जपतं? दूरच्या सोयऱ्याचं पोरगं कोणत्या साली वारलं, हे तुम्हाआम्हाला तरी कुठं आठवतं? वर्षं गेली तसा अंगदचा आवाज तिच्यातून गेला, मग त्याचं तोंड, मग तो काय खायचा ते. ती त्याला वाईट नव्हती. ती त्याची कुणी नव्हती, एवढंच.

आता सगळा अंगद एकट्या नामाजीवर पडला. पोर गेलं तर आईबाप एकमेकांकडं बघून तरी रडतात. त्याला बघायला तोंड नव्हतं. कधी जेवताना घास अडकला तर अनुसया पाणी पुढं करायची. तिला कळायचं की हा माणूस आतून झिजून चालला आहे. चांगली बाई, नवऱ्यावर जीव होता तिचा. ती माया कुणी उतरवलेली नव्हती. एकदा तिनंच विषय काढला.

"मला शिकवा ती विद्या. तुमचं दुःख काढून टाकते. कशाला एवढी तकलीफ काढता?"

"नको."

"काहून नको?"

नामाजी दोरी वळत राहिला. आपल्याही काळजातनं पोरगं गेलं तर त्याच्यासाठी रडणारं जगात कुणी उरत नाही. मग तो मेला असं होत नाही, तो झालाच नव्हता असं होतं. म्हणून ते दुःख त्यानं दात आवळून सांभाळलं, आणि ते त्याला आतून खात राहिलं. खडा काढायचं मात्र त्यानं त्या थंडीपासूनच सोडलं. कळपात कोकरं आईवाचून मरायची, लोक विनवण्या करायचे, वडिलांची विद्या बुडवतोस म्हणून शिव्याही द्यायचे. तो हात जोडायचा. पुढं पुढं रानंच राहिली नाहीत, जिकडंतिकडं सोयाबीन; त्यानं मेंढरं विकली आणि चार शेळ्यांवर घर चालवलं.

राधिका मात्र अशी वाढली की वस्तीत तिच्यासारखी तीच. एका लेकराला दोन लेकरांची माया मिळाली तर काय होतं, ते तिच्याकडं पाहावं. अनुसया तिला राजा म्हणायची. पोरीला गूळ आवडत नव्हता, तरी रोज निजताना गुळाचा खडा तिच्या तोंडात घालायची; का, ते तिला सांगता यायचं नाही. नामाजी ते बघायचा आणि उठून बाहेर जायचा. पोरीचा काय गुन्हा? काही नाही. हे त्याला पुरतं कळत होतं. पण तिच्या तोंडात गूळ गेला की त्याला वाटायचं, हा घास दुसऱ्याचा आहे. तो तिला कधी रागावला नाही, कधी मारलं नाही, आणि कधी मांडीवरही घेतलं नाही. म्हणजे पोरगा गेला, बायको निम्मी गेली, आणि जिच्यासाठी हे सगळं केलं ती पोरगीही त्याच्या हाती लागली नाही.

ती मोठी झाली, बारावीला होती, तेव्हा शेळ्यांना पाला टाकता टाकता तिनं विचारलं, "आबा, तुमी माझ्याशी काहून असे वागून राहिले? म्या काय केलं?"

"तू काहीच न्हाई केलं, बाई."

"मग?"

नामाजीच्या ओठावर सगळं आलं होतं. पण हे ऐकून तिला काय मिळणार होतं? आईची माया म्हणजे मेलेल्या भावाच्या वाटणीचं चोरलेलं दूध, हे घेऊन ती कुठं जाणार होती? त्यानं पाल्याची पेंढी उचलली आणि पलीकडच्या शेळीला टाकली. राधिका घरात गेली. पुन्हा तिनं विचारलं नाही.

दोन हजार दहा साल उजाडायच्या आधीच तिचं लग्न झालं, वाशीमकडं दिली. पाठवणीच्या वेळी अनुसया अशी रडली की मांडव हलला. जन्मभर तिला धोंडा म्हणणाऱ्या बायका एकमेकींकडं बघायला लागल्या. त्या रडण्यातलं निम्मं अंगदचं आहे, असं नामाजीला वाटलं. आणि लेकीच्या पाठवणीत आपल्या मनात असलं काही यावं, याची त्याला स्वतःचीच शिसारी आली.

काही महिन्यांनी दोघं लेकीला भेटायला गेले. परतताना एसटी कनेरगाव नाक्यावर चहाला थांबली. इतकी वर्षं नामाजी या रस्त्यानं आला नव्हता; लेकीकडं जातानाही दुसऱ्या वाटेनं गेला होता. सडक रुंद झालेली. शेतकऱ्याच्या बांधावर आता धाबा होता, पत्र्याचा, पुढं फरशी घातलेली, ट्रक लागलेले. लिंब नव्हता. त्यानं इकडून तिकडून अंदाज घेऊन पाहिला. भटारखान्याच्या खाली असेल, नाहीतर ट्रकवाले हात धुतात त्या मोरीच्या खाली. तो मटकन बाकावर बसला.

"काय झालं ओ?" अनुसयानं विचारलं. "चक्कर आली का?"

"हितंच हाय तो," नामाजी म्हणाला. "आपला अंगद. हितंच कुठंतरी."

अठरा वर्षांत तो तिच्याशी याबद्दल बोलला नव्हता. आता ते थांबेना. ताप कसा चढला, दवाखान्यात जाताना पोरगं काय काय बडबडत होतं, घोंगडी कशी त्याला मोठी व्हायची, कोकरांना तो कशी नावं द्यायचा, सगळं. ती ऐकत होती, मन लावून, चहा निवू देऊन. त्याला वाटलं, सांगता सांगता हिच्या डोळ्यांत काहीतरी हलेल. मूळ म्हणून काही असेल तर ते आज कळेल. म्हणून त्यानं तेही सांगितलं जे सांगायचं नाही असं ठरवलं होतं: मडकं, लोकर, आणि पाणी निवळ होईपर्यंत न थांबलेला हात. सांगून झालं तेव्हा तो धापा टाकत होता.

अनुसयाचे डोळे भरून आले होते. ते त्यानं पाहिलं. ती त्याच्याजवळ सरकली. दुःखाच्या घरी भेटायला गेलेली बाई ठेवते तसा तिनं त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला.

"लई वाईट झालं ओ," ती म्हणाली. "केवढं व्हतं लेकरू?"

धाब्यावर कुणीतरी रेडिओ लावला होता. कंडक्टरनं बसच्या पत्र्यावर थाप मारली, माणसं उठायला लागली. नामाजीनं तिच्या तोंडाकडं बघितलं. तिथं कळकळ होती, खरी कळकळ, परक्याच्या पोरासाठी असते तेवढी. आणि मग भेटायला आलेल्या बाईला ज्याच्या घरचं गेलंय तो माणूस सांगतो तसं, मान खाली घालून, त्यानं सांगितलं.

"सात वर्षांचं व्हतं, बाई."